आठवीत गावातून शहरातल्या मिशनरी हायस्कूलात जाताना

आमच्या यवतमाळकडच्या गावात जिल्हा परिषदेची शाळा सातवीपर्यंतच आहे. मार्च-एप्रिल आला की ज्यांचं पोरगं हुशार निघालं असे मायबाप माझ्याकडे येतात, कारण मी आठवी ते दहावी नागपुरातल्या एका जुन्या कॅथलिक हायस्कूलात काढली. "फादरच्या शाळेत लागंल का आपलं?" हा त्यांचा प्रश्न. ओट्यावर बसून जे सांगतो तेच इथं सविस्तर लिहितो.

सगळ्यात आधी एक गोष्ट विचारा : शाळा अनुदानित आहे का, आणि आपल्याला मिळतेय ती तुकडी अनुदानित आहे का? फी किती, हा प्रश्न त्याच्या नंतरचा. लोक 'कॉन्व्हेंट' म्हणाले की सगळं एकाच पोत्यात भरतात. पण एकाच आवारात, एकाच संस्थेची एक अनुदानित मराठी किंवा सेमी-इंग्रजी शाळा आणि शेजारी विनाअनुदानित इंग्रजी शाळा, असं सर्रास असतं. गेट एक, चर्च एक, पण फीच्या पावत्यांत जमीन-अस्मानाचा फरक. रिक्षावाले, हातमजूर, धुणीभांडी करणाऱ्या बाया यांची लेकरं बहुतेक अनुदानित शाळेत दिसतील. आपल्यालाही तीच बघायची आहे.

अनुदानित म्हणजे शिक्षकांचा पगार सरकार देतं. त्यामुळे आठवीपर्यंत शिक्षण फी नाही, बालभारतीची पुस्तकं फुकट, दुपारचा पोषण आहारही. मुलींना फी पुढेही माफ. नववीत पुस्तकं विकत घ्यावी लागतात, हे बऱ्याच घरांना जूनमध्ये कळतं आणि मग धावपळ होते. शिवाय संगणक, स्नेहसंमेलन, परीक्षा, डायरी अशी किरकोळ नावांची रक्कम असतेच. ती एकूण किती होते ते आधीच कागदावर लिहून मागा.

अनुदानिताचा आणखी एक मोठा फायदा कोणी सांगत नाही, तो म्हणजे एनएमएमएसची, म्हणजे केंद्र सरकारच्या शिष्यवृत्तीची परीक्षा. आठवीत ही परीक्षा देता येते ती फक्त सरकारी, स्थानिक संस्थांच्या किंवा अनुदानित शाळेतल्या मुलांना. निवड झाली की नववी ते बारावी वर्षाला १२,००० रुपये थेट खात्यात. घरचं उत्पन्न साडेतीन लाखांच्या आत आणि सातवीत ५५ टक्के हवेत. अनुसूचित जाती-जमातींना ५ टक्के सूट. मोठी फी भरून विनाअनुदानित शाळेत घातलेलं पोरगं या परीक्षेला बसूच शकत नाही. 'इंग्लिश मीडियम' म्हणून जीव टाकणाऱ्यांनी हा हिशेब एकदा मांडून बघावा.

दुसरी गैरसमजूत आरटीईची, म्हणजे शिक्षण हक्क कायद्याची. २५ टक्के राखीव जागांतून मिशनरी शाळेत नंबर लागेल म्हणून थांबू नका. त्या जागा प्रवेशाच्या पहिल्याच वर्गाला असतात, आठवीला नाही. आणि २०१४ च्या सुप्रीम कोर्टाच्या निकालाप्रमाणे हा कायदा अल्पसंख्याक संस्थांच्या शाळांना लागू होत नाही, आणि मिशनरी शाळा त्यातच येतात. आदिवासी मुलांसाठी मात्र आदिवासी विकास विभागाची नामांकित निवासी शाळांची वेगळी योजना आहे. त्याची चौकशी शाळेत करू नका, त्या विभागाच्या प्रकल्प कार्यालयात करा.

म्हणजे इथं कायद्यानं दार उघडत नाही, मागावं लागतं. या शाळा काल-परवाच्या नाहीत. नागपूरच्या सदर भागातलं सेंट फ्रान्सिस डी'सेल्स हायस्कूल १८७० चं, मिशनऱ्यांनी काढलेलं. गरिबाच्या लेकराला घ्यायची सवय अशा जुन्या संस्थांच्या हाडात असते, पण ऑफिसची खिडकी ती सवय दाखवत नाही. खिडकीवरचा बाबू "फॉर्म संपले" म्हणतो आणि गावचा माणूस मान खाली घालून बसस्टँडकडे वळतो. वळू नका. मुख्याध्यापकांना, मग ते फादर असोत की सिस्टर, भेटायची वेळ मागा. प्रार्थना आटोपल्यावर साधारण तासाभरात ते जाग्यावर सापडतात. सातवीचं प्रगतिपत्रक, उत्पन्नाचा दाखला, आधार, जातीचा दाखला आणि हातानं लिहिलेला साधा मराठी अर्ज सोबत ठेवा. तहसीलचा दाखला निघायला पंधरवडा धरा, म्हणून फेब्रुवारीतच सेतूत जा. पोराला सोबत न्याच. फादर त्याच्याशीच जास्त बोलतात. आमदाराची चिठ्ठी नेणारे मी पाहिले आहेत. तिचा फायदा झालेला काही पाहिला नाही.

फीसाठी सूट मागताना "आम्ही गरीब आहोत" एवढंच म्हणू नका, आपला पैसा कधी येतो ते सांगा. विदर्भात शाळा उघडते जूनच्या शेवटच्या आठवड्यात, आणि नेमक्या त्याच वेळी घरातला शेवटचा रुपया बियाण्यात आणि डीएपी खताच्या पोत्यात गेलेला असतो. कापूस वेचून विकला जातो दिवाळीनंतर. माझ्या बाबांनी अर्जात एवढंच लिहिलं होतं की जूनमध्ये जमत नाही, डिसेंबर-जानेवारीत एकदम भरतो. शहरातल्या माणसाला हे आपोआप माहीत नसतं. सांगितलं की बहुतेकांना पटतं. बाबांच्या अर्जावर लाल पेनानं दोन शब्दांचा शेरा आला आणि काम झालं.

आता पोराबद्दल. पहिले चार-पाच महिने वाईट जातात, हे त्याला आधीच सांगून ठेवा. सेमी-इंग्रजीत गणित आणि विज्ञान इंग्रजीतून. गावात गणितात पहिला येणारा मी, पहिल्या घटक चाचणीत 'एलसीएम'वर अडकलो. लसावि म्हणाले असते तर तोंडी काढून दिला असता. उपाय साधा आहे : उन्हाळ्यात आठवीचं सेमीचं गणिताचं पुस्तक मिळवा आणि मराठी-इंग्रजी संज्ञांची एक वही करा. ट्यूशन लावायची गरज नाही. बोलीवरून हसतील ही भीती मला फार होती, ती फुकट गेली; नागपूरची पोरंही मधल्या सुट्टीत "काऊन बे" हेच बोलतात. फक्त मैदानात मराठी बोललं की रुपया दंड असा एक नियम आमच्याकडे होता. मला तो तेव्हाही चुकीचा वाटायचा, आजही वाटतो. घरून रुपया मोजून आणणाऱ्या पोरावर तो दुप्पट बसतो.

शिस्त कडक. नखं, केस, बूट. शनिवारी पांढरे कॅनव्हास लागायचे आणि धुऊन वाळले नाहीत तर आम्ही फळ्याखालचे खडूचे तुकडे उचलून डागांवर घासायचो. रांगेतून चालताना पांढरी भुकटी उडायची. पीटीच्या सरांना हे माहीत होतं, ते दुसरीकडे बघायचे. एकच जोड घेऊन देणार असाल तर काळा घ्या आणि शनिवारचं शाळेला आधी विचारून ठेवा.

धर्माचं विचारतात, दबक्या आवाजात. रोज सकाळी प्रार्थना असते, वर्गात क्रूस असतो, नाताळात येशूजन्माचा गोठा मांडतात. कॅथलिक मुलांचा धर्मशिक्षणाचा तास वेगळ्या खोलीत व्हायचा, आम्ही बाकीचे त्या वेळी मूल्यशिक्षणाला. आमच्या बाकावर एक बौद्ध, एक मुसलमान आणि मी. अनुदान घेणाऱ्या शाळेत पालकांच्या संमतीशिवाय मुलाला धार्मिक शिक्षणाला बसवता येत नाही, हे संविधानाच्या २८व्या कलमातच आहे. मला तीन वर्षांत कोणी धर्म बदल म्हणालं नाही. दुसऱ्या शाळेची ग्वाही मी कशी देणार; जाऊन तिथल्या दोन पालकांशी बोला.

राहण्याची सोय शाळेच्या बोर्डिंगात झाली तर उत्तम, नाहीतर समाजकल्याण किंवा आदिवासी विकासचं वसतिगृह. मामाकडे ठेवू असं म्हणणाऱ्यांनी मामीला आधी विचारावं. नागपूरच पाहिजे असंही नाही. अमरावती, चंद्रपूर, यवतमाळ इथंही चर्चच्या शाळा आहेत, आणि गाव जवळ असेल तर एसटीचा पास काढून ये-जा होते. मुलींना तो पास मोफत मिळतो.

प्रवेश पक्का झाल्यावर पैसे भरून लगेच निघू नका. दाखल-खारीज रजिस्टरमधली नोंद दाखवा म्हणा आणि स्वतः वाचा : नाव, आडनावाचं स्पेलिंग, जन्मतारीख, जात. जातीच्या रकान्यात नुसतं 'हिंदू' लिहून सोडलेलं मी पाहिलं आहे. जात पडताळणीला हीच नोंद मागतात, आणि शाळा सोडल्यावर ती दुरुस्त करायची म्हणजे शिक्षणाधिकारी कार्यालयाच्या खेपा. त्या दिवशी खिडकीवर पाच मिनिटांचं काम असतं.