सिम्पसन्सचा डीव्हीडी संच मागवण्याआधी

अमेरिकेतून कुणी येणार म्हणून ‘द सिम्पसन्स’ या कार्टून मालिकेचा एखादा सीझन मागवणार असाल, तर आधी रिजन कोड बघा, म्हणजे डिस्क जगातल्या कोणत्या भागातल्या प्लेअरवर चालेल तो आकडा. किंमत नंतर, कव्हर नंतर. मागच्या खेपेला माझं नेमकं हेच बघायचं राहिलं आणि घरच्या प्लेअरने एकही डिस्क चालवली नाही. अमेरिकेचा कोड १, इंग्लंडचा २, ऑस्ट्रेलियाचा ४ आणि आपला ५. खोक्याच्या मागे पृथ्वीच्या छोट्या गोलात तो आकडा छापलेला असतो. विक्रेत्याने फक्त पुढचा फोटो टाकला असेल तर मागचा मागून घ्या. देत नसेल तर सोडून द्या. ब्लू-रे घेताय? तिथे आकड्यांऐवजी अक्षरं असतात, अमेरिकेला ए, भारताला सी. म्हणजे तिथेही कोड बघायचाच.

‘लॅपटॉपवर लावू’ असं म्हणू नका. ड्राइव्हचा रिजन साधारण पाचदाच बदलता येतो, मग तो शेवटच्या कोडवर कायमचा अडकतो. रिजन-फ्री, म्हणजे कोणत्याही कोडची डिस्क चालवणारा प्लेअर हाताशी असेल तरच कोड १चा संच घ्या. नसेल तर आधी प्लेअर, मग संच.

आता सीझन कोणता? पहिला २००१ मध्ये डीव्हीडीवर आला, १३ भागांचा. सुरुवातीचे संच घ्यायचे ते कॉमेंट्रीसाठी. लेखक-दिग्दर्शक जवळजवळ प्रत्येक भागावर बसून बोलतात, ते ऐकण्यासारखंच आहे. विसावा सीझन मधले कितीतरी सोडून २०१० मध्येच काढला, त्यात भागांवरची कॉमेंट्री नाही. मी तो घेणार नाही. तिसरा मात्र जरूर घ्या. त्याचा पहिला भाग, ‘स्टार्क रेव्हिंग डॅड’, २०१९ मध्ये प्रसारणातून काढून घेतला. जुन्या डिस्कवर तो आहे. वापरलेला संच असेल तर पहिली डिस्क आत आहे ना, हे विचारा. आणि त्याचाही कोड विचारा, जुना आहे म्हणून कोड सुटत नाही.

सहावा सीझन मालिकेतल्या बाबाच्या, होमरच्या, डोक्याच्या आकाराच्या प्लास्टिकच्या डब्यात आला होता, बाकीच्या संचांच्या रांगेत तो बसत नाही.

येणाऱ्याला हातातल्या बॅगेत ठेवायला सांगा. घरी आला की त्याच दिवशी प्रत्येक डिस्क लावून शेवटचा भाग थोडा पुढे नेऊन बघा, ओरखडे तिथेच कळतात. बिल जपून ठेवा.