वाफ्यांचा पंथ : जर्मनीत बाग भाड्याने घेऊ पाहणाऱ्या नव्या मंडळींसाठी

श्टुटगार्टकडे नव्याने आलेली मराठी मंडळी पहिल्या उन्हाळ्यात एक प्रश्न हमखास विचारतात. रेल्वेच्या रुळांलगत त्या चिमुकल्या बागा आणि त्यांतली लाकडी खोपटी दिसतात, तसली एखादी आपल्याला मिळेल का? मिळेल की. पण आधीच सांगून ठेवतो, तिथे नुसती बाग मिळत नाही, एका पंथाची दीक्षा मिळते. या पंथाला पोथी नाही आणि पुजारी स्वतःला पुजारी म्हणवत नाहीत. देव मात्र पक्का ठरलेला आहे : वेळ. बागकाम ही त्याची पूजा. माती, खत, बियाणं यांचं पुढे बघता येईल. आधी घड्याळ आणि पंचांग शिका.

कागदोपत्री भाग थोडक्यात उरकतो. याला क्लाइनगार्टन म्हणतात, जुनी माणसं श्रेबरगार्टन म्हणतात. श्रेबर हे लाइपझिगचे डॉक्टर. गंमत अशी की बागांशी त्यांचा काही संबंध नव्हता. ते १८६१ मध्ये वारले, १८६५ मध्ये त्यांच्या नावाने मुलांसाठी खेळाचं मैदान झालं आणि त्या मैदानाच्या कडेने पुढे वाफे आले. आजचा कायदा १९८३ चा. बाग ४०० चौरस मीटरपेक्षा मोठी नसावी, खोपटं ओसरी धरून २४ चौरस मीटरपर्यंत, त्यात कायमचं राहायचं नाही, आणि निदान एक तृतीयांश जागेत फळं-भाज्या हव्यात. नुसतं लॉन आणि शेगडी असं चालत नाही. या बागा भाड्याने देणाऱ्या मंडळाचे पदाधिकारी फेरी मारून बघतात. मोठ्या शहरांत प्रतीक्षायादी काही वर्षांची असते, म्हणून घर लागलं की लगेच नाव घाला. बाग मिळताना आधीच्या भाडेकरूला झाडांचे आणि खोपट्याचे पैसे द्यावे लागतात, त्याचं रीतसर मूल्यांकन होतं.

आता घड्याळ. बहुतेक मंडळांत दुपारी १ ते ३ शांतता पाळतात. त्या वेळात गवत कापायचं यंत्र सुरू केलंत तर कुणी ओरडणार नाही, पण कुंपणापलीकडून तीन डोकी वर येतील आणि पुढच्या सभेत विषय निघेल. रविवारी तर खिळासुद्धा ठोकू नका. खुरपणी चालते, पाणी घालणं चालतं, केक खाणं तर चालतंच. १ मार्च ते ३० सप्टेंबर कुंपणाची झाडं मुळापर्यंत छाटायला देशभर बंदी आहे, पक्ष्यांच्या घरट्यांसाठी; वरवर आकार देता येतो. जिन्याची आणि फुटपाथची झाडलोट आठवड्याच्या पाळीने करणाऱ्या या श्वाबी, म्हणजे श्टुटगार्टकडच्या, लोकांना असल्या नियमांचा जाच होत नाही. उलट नियम नसले तर ते कासावीस होतील, असं माझं मत.

पंचांग जास्त रंगतदार आहे, आणि आपल्याला ते परकं वाटायचं कारण नाही. आपल्याकडे रोहिणी, मृग, आर्द्रा असा हिशेब आणि ‘पेरते व्हा’ म्हणणारा पावशा. इथे झाडं सांगतात. हेझलला तुरे आले की वसंताची चाहूल, पिवळी फोर्सिथिया फुलली की गुलाब छाटायचे, सफरचंदाला मोहोर आला की वसंत भरात, एल्डर फुलला की उन्हाळा लागला. सरकारी हवामान खातंसुद्धा याच खुणांवरून वर्षाचे दहा ऋतू मोजतं. २४ जूनला, सेंट जॉनच्या दिवशी, श्पार्गेल (शतावरीचे कोंब) आणि रुबार्ब (आंबट देठांची भाजी) यांची काढणी थांबते. त्यानंतर ती झाडं पुढच्या वर्षासाठी जोर धरतात.

पण खरी कसोटी मे महिन्यात. ११ ते १५ मे या दिवसांना आइसहाइलिगे म्हणतात, म्हणजे बर्फाचे संत : मामेर्टुस, पांक्राट्सिउस, सेर्वाट्सिउस, बोनिफाट्सिउस आणि शेवटी ‘गारठलेली सोफी’. एप्रिलअखेरीस ऊन चांगलं तापतं, दुकानांबाहेर टोमॅटोची रोपं ढिगाने मांडलेली असतात आणि नव्या माणसाचा हात शिवशिवतो. शेजारच्या आजी कुंपणावर कोपर टेकून तुमच्या रोपांकडे बघतात आणि एवढंच म्हणतात, ‘सोफी अजून यायची आहे.’ ऐका त्यांचं. एका रात्रीचा तुषार, म्हणजे गोठलेलं दव, पुरतो. सकाळी पानं शिजवलेल्या पालकासारखी लोळतात. तुषार दरवर्षी त्याच तारखांना येतो असं नाही, पण सोफी होऊन गेल्याशिवाय टोमॅटो, मिरची, दुधी बाहेर लावू नका. टोमॅटोवर पारदर्शक छप्पर हवंच, नाहीतर पावसाळी ऑगस्टमध्ये करपा सगळं घेऊन जातो.

या पंथातही कडवे उपपंथ आहेत. ऑस्ट्रियन विचारवंत रुडॉल्फ श्टायनर यांनी १९२४ मध्ये शेतीवर दिलेल्या व्याख्यानांना मानणारे चंद्र बघून पेरतात आणि गाईच्या शिंगात शेण भरून हिवाळाभर जमिनीत पुरतात. गाईचं शेण म्हटलं की ते आपल्याकडे फार आशेने बघतात. शिंगाचं मला पटत नाही, पण त्यांचं कंपोस्ट बघून शिकण्यासारखं असतं.

आपल्या भाज्यांचं म्हणाल तर मेथी सोपी : मेमध्ये पेरा, महिनाभरात जुडी. कोथिंबीर मात्र जूनच्या लांबलचक दिवसांत पानं सोडून तुऱ्यावर जाते. ऑगस्टमध्ये पेरलेली टिकते. भेंडी काचघराशिवाय नाही.

सामुदायिक कामाचे तास वर्षाला ठरलेले असतात, चुकवले तर पैसे भरावे लागतात. भरू नका, जा. वेळेच्या पाच मिनिटं आधी, फावडं घेऊन. रस्त्याकडेचं तण काढताना अर्ध्या तासात जी जर्मन कानावर पडते ती वर्गात मिळत नाही. बागेत बऱ्याच ठिकाणी एकेरी ‘डू’ चालतं, पण वयाने मोठ्या माणसाने आधी म्हणू द्या.

शरदात थंडी पडायच्या आधी मंडळ पाणी बंद करतं, तारीख फळ्यावर लावलेली असते. त्या दिवशी सगळे नळ उघडे ठेवा, पाइपात पाणी राहिलं तर गोठून फुटतो. कढीपत्ता आणि तुळस मात्र सप्टेंबरअखेरीसच घरात, खिडकीशी आणून ठेवा.