एकाच लॅपटॉपवर पीएलसी सॉफ्टवेअरच्या अनेक आवृत्त्या कशा चालवाव्यात

पीएलसी म्हणजे कारखान्यातली यंत्रं चालवणारा कंट्रोलर. शिरोलीच्या फाउंड्रीत सीमेन्सचं पीएलसी सॉफ्टवेअर टीआयए पोर्टल १५.१, कागलच्या नव्या लाईनवर १७ आणि साखर कारखान्यात अजून सीमेन्सच्या एस७-३०० या जुन्या पीएलसीवर स्टेप ७ हे जुनं सॉफ्टवेअर. कोल्हापुरात सर्व्हिस करणाऱ्याला हे सगळं एकाच लॅपटॉपवर लागतं. “सगळ्यात नवी आवृत्ती टाका, जुनं सगळं त्यात उघडतं” हा सल्ला कृपा करून ऐकू नका. उघडतं, पण प्रोजेक्ट अपग्रेड होऊन. तो परत १५.१ मध्ये उघडत नाही आणि कंपनीच्या मेंटेनन्सवाल्याकडे १५.१च असतं. रॉकवेल या दुसऱ्या पीएलसी कंपनीचं तर कंट्रोलरच्या फर्मवेअरची मुख्य आवृत्ती आणि सॉफ्टवेअरची आवृत्ती जुळलीच पाहिजे.

म्हणून प्रत्येक आवृत्तीला स्वतंत्र व्हर्च्युअल मशीन, म्हणजे लॅपटॉपच्या आत चालणारा वेगळा संगणक. रॅम ३२ जीबी आणि मोठी एसएसडी घ्या. १६ जीबीत काम रडतखडत चालतं. एक स्वच्छ विंडोज तयार करून तिच्या प्रती काढा, प्रत्येकीत एकच आवृत्ती टाका.

खरी डोकेदुखी नेटवर्कची. माझा सगळ्यात जास्त वेळ इथेच गेला आहे. व्हीएमवेअर (व्हर्च्युअल मशीन चालवणारं सॉफ्टवेअर) नेटवर्क एनएटीवर ठेवतं, म्हणजे मशीन लॅपटॉपच्या आडून नेटवर्कवर बोलतं. पिंग जातो, आयपी टाकला तर ऑनलाइनही जाता येतं, म्हणून सगळं ठीक वाटतं. पण ॲक्सेसिबल डिव्हायसेसची, म्हणजे नेटवर्कवर सापडलेल्या उपकरणांची यादी रिकामी. प्रोफिनेटमध्ये (पीएलसी आणि उपकरणांचं इथरनेट नेटवर्क) डिव्हाइस शोधणं आणि त्याला नाव देणं डीसीपी या प्रोटोकॉलवर चालतं, ते इथरनेटच्या थरावरच असतं आणि एनएटी ओलांडत नाही. नवा आयओ (इनपुट-आउटपुट) मॉड्यूल बसवलाय, त्याला नाव देता येत नाही, लाईन बंद आणि सुपरवायझर डोक्यावर उभा, अशी वेळ येते.

एनएटीऐवजी ब्रिज्ड निवडा, म्हणजे मशीन थेट लॅपटॉपच्या नेटवर्क कार्डाला जोडलं जातं, पण तेवढ्यावर थांबू नका. व्हीएमवेअरचा व्हर्च्युअल नेटवर्क एडिटर ॲडमिन म्हणून उघडा. व्हीएमनेट० (ब्रिजचं नेटवर्क) समोर ‘ऑटोमॅटिक’ असेल तर ते काढून लॅनचं कार्ड नाव पाहून निवडा. नाहीतर वायफाय चालू असताना ब्रिज तिकडे जातो आणि तुम्ही केबल बदलत बसता. मग मशीनच्या आत आयपी द्या: पीएलसी १९२.१६८.०.१ असेल तर १९२.१६८.०.५०, सबनेट मास्क २५५.२५५.२५५.०. सीमेन्सच्या सॉफ्टवेअरमधल्या पीजी/पीसी इंटरफेस सेटिंगमध्येही तेच कार्ड निवडा.

माझं ठाम मत विचाराल तर यूएसबी-लॅन ॲडॅप्टर घ्या आणि तो थेट व्हर्च्युअल मशीनला जोडा. ब्रिजची भानगडच राहत नाही. एस७-३०० च्या एमपीआय पोर्टला लागणारा यूएसबी ॲडॅप्टरही असाच आत जोडायचा.

लायसन्सबाबत मात्र हयगय नको. सीमेन्सची लायसन्स की मशीनच्या आत असताना जुन्या स्नॅपशॉटवर (मशीनच्या आधी जतन केलेल्या स्थितीवर) परत गेलात किंवा मशीन पुसलं, तर की गमवाल. आधी ती लायसन्स मॅनेजरमधून पेनड्राइव्हवर हलवा.

मशीनच्या नावात आवृत्ती पूर्ण लिहा; १५ आणि १५.१ वेगळ्या आहेत.