तुमचं घर खरंच टॅव्हर्न होतं का, हे कसं शोधाल

मॅसॅच्युसेट्समधलं आमचं घर घेतलं तेव्हा दारावर ‘टॅव्हर्न, १७२०’ अशी पाटी होती. टॅव्हर्न म्हणजे जुन्या काळची दारू-जेवण-मुक्कामाची जागा. जॉर्ज वॉशिंग्टन इथे मुक्कामाला होता, असंही एजंट म्हणाला. (तो इतक्या घरांत झोपला, तर लढला कधी?) अशा पाटीवर विसंबू नका.

आधी खरेदीखतं बघा. इथे सातबारा नाही. काउंटीच्या (म्हणजे जिल्ह्याच्या) रजिस्ट्री ऑफ डीड्समध्ये विकणाऱ्यांची आणि घेणाऱ्यांची अशा दोन सूची असतात. आपल्या खतापासून एकेक मालक मागे जायचं. घर वारसाने गेलं असेल तिथे खत सापडत नाही, मग प्रोबेटचे, म्हणजे मृत्युपत्र-वारसाच्या कोर्टाचे कागद काढायचे. जुन्या खतांत नावापुढे धंदा लिहिलेला असतो: ‘योमन’ म्हणजे शेतकरी, ‘इनहोल्डर’ म्हणजे टॅव्हर्न चालवणारा, आपला माणूस. आमच्याकडे तो पाटीवरच्या सालानंतर चाळीसेक वर्षांनी उगवला.

पण इनहोल्डरची दोन घरंही असू शकतात. त्यामुळे परवाना शोधा. तो काउंटीच्या सेशन्स कोर्टाकडून दरवर्षी घ्यावा लागे. जुनी न्यायालयीन दप्तरं बॉस्टनला मॅसॅच्युसेट्स अर्काइव्ह्जमध्ये आहेत. मालक वारल्यावर झालेली सामानाची यादी तर सोडूच नका. एका कुटुंबाला नऊ पलंग आणि ‘पंच’ या मद्यपेयाचे डझनभर वाडगे कशाला लागतील? १७९८ च्या फेडरल करासाठी घरांचे मजले आणि खिडक्यासुद्धा मोजल्या होत्या, तेही ताडून बघा.

मग घराकडे वळा. हाताने घडवलेला खिळा चारही बाजूंनी निमुळता होत जातो, डोक्यावर हातोडीचे पैलू दिसतात. १७९० नंतर आलेला यंत्राने कापलेला खिळा दोनच बाजूंनी निमुळता असतो. जुने खिळे पुन्हा वापरत, म्हणून एकाच खिळ्यावर निकाल देऊ नका. आणि उपटून तर मुळीच बघू नका. मी उपटला आणि फळी चिरली.

वरच्या मजल्यावर तुळईला लोखंडी कड्या होत्या. ‘झोपाळ्याच्या असतील,’ आई म्हणाली, आणि दोन वर्षं आम्ही तेच धरून चाललो. मग रंग खरवडताना मधल्या लाकडी भिंतीच्या वरच्या कडेला बिजागऱ्या सापडल्या. ती अख्खी भिंत उचलून कड्यांना अडकवायची, की दोन खोल्यांचा नाचाचा दिवाणखाना तयार.