अकरावीचा अमेरिकन इतिहास: सही करण्याआधी सिलॅबस वाचा

अमेरिकेत शाळा सुरू झाली की पहिल्याच आठवड्यात मूल प्रत्येक विषयाचे तीन-चार कागद घरी आणतं आणि शेवटच्या पानावर सही मागतं. आपल्याकडे सिलॅबस म्हणजे धड्यांची यादी, त्यामुळे आईबाबा वरचेवर नजर टाकून सही ठोकतात. इथला सिलॅबस करारनाम्यासारखा असतो. गुण कशाकशाचे, उशीर झाला तर किती कापणार, पुन्हा परीक्षा देता येते का, नक्कल सापडली तर काय, हे सगळं त्यात लिहिलेलं असतं. फेब्रुवारीत तक्रार घेऊन गेलात तर शिक्षक तुमची सही असलेला तोच कागद पुढे करतात. गणिताच्या सिलॅबसकडे दुर्लक्ष झालं तरी एक वेळ चालेल. इतिहासाचा मात्र ओळ न् ओळ वाचा, कारण भारतातून नववी-दहावी करून आलेलं हुशार मूल सगळ्यात जास्त इथेच अडखळतं.

आधी हे बघा की तुमच्या राज्यात अकरावीला नेमका कोणता इतिहास शिकवतात. टेक्सासमध्ये हायस्कूलचा अभ्यासक्रम १८७७ नंतरचा आहे, आणि त्याची राज्यस्तरीय परीक्षा डिप्लोमासाठी, म्हणजे हायस्कूल पूर्ण केल्याच्या प्रमाणपत्रासाठी, लागते. कॅलिफोर्नियात अकरावीचा भर विसाव्या शतकावर असतो आणि राज्यघटनेपासूनचा भाग आठवीत होऊन गेलेला असतो. म्हणजे वर्गातल्या बाकीच्या मुलांनी जे आठवीत केलं ते आपल्या मुलाने कधीच केलेलं नसतं, आणि शिक्षक ते येतं असं धरून चालतात. उन्हाळ्यात दोन-तीन आठवडे एवढंच भरून काढा: सरकारच्या तीन शाखा, पहिल्या दहा घटनादुरुस्त्या, गुलामगिरी, १८६१ ते १८६५चं यादवी युद्ध, आणि त्यानंतरच्या तेराव्या (१८६५), चौदाव्या (१८६८) आणि पंधराव्या (१८७०) दुरुस्त्या. त्यातली चौदावी वर्षभर डोकं वर काढते. १९५४च्या ब्राउन खटल्यात शाळांमधली वर्णभेदी विभागणी घटनाबाह्य ठरली ती याच दुरुस्तीच्या आधारे, आणि मुलाला ती माहीत नसेल तर तो अख्खा तास डोक्यावरून जातो.

प्रवेशाच्या वेळी घरी कोणती भाषा बोलता याचा एक फॉर्म भरावा लागतो. मराठी लिहिलंत की इंग्रजीची चाचणी होते. इंग्रजी माध्यमातलं मूल ती बहुधा सहज पार करतं, त्यामुळे घाबरून फॉर्मवर खोटं लिहू नका. चाचणीत कमी पडलंच तर जादा वेळ आणि मदत मिळते, आणि इतिहासाच्या निबंधाला ती उपयोगीच पडते.

मग प्रश्न येतो विषय कोणत्या पातळीचा घ्यायचा: रेग्युलर, त्याहून अवघड ऑनर्स, की एपी (अ‍ॅडव्हान्स्ड प्लेसमेंट, म्हणजे कॉलेजच्या पातळीचा अभ्यासक्रम). आपल्या लोकांच्या पार्टीत 'एपी घेतलं का?' हे 'जेवलात का?' इतक्या सहज विचारलं जातं. एपीला अनेक शाळा जीपीएमध्ये, म्हणजे सगळ्या विषयांच्या श्रेणींच्या सरासरीत, एक गुण वाढवून धरतात, हे खरं. पण ऑगस्टमध्ये आलेल्या मुलाने त्याच वर्षी एपी यू.एस. हिस्टरी घ्यावं का, हे एकाच गोष्टीवर ठरवा: ते रोज रात्री पंधरा-वीस पानं इंग्रजी मजकूर वाचून त्यावर नोट्स काढू शकतं का? नसेल तर ऑनर्स घ्या आणि पुढच्या वर्षी गव्हर्नमेंटचं एपी करा. विषय बदलण्याची मुदत शाळा सुरू झाल्यावर काही आठवड्यांतच संपते. ती तारीख काउन्सेलरला (विषय निवडायला मदत करणाऱ्या शाळेतल्या सल्लागाराला) पहिल्याच भेटीत विचारा. एपीची परीक्षा मेमध्ये असली तरी नाव शरद ऋतूतच नोंदवावं लागतं आणि फी सुमारे शंभर डॉलर असते. उत्पन्न कमी असेल तर सवलत मिळते.

एपी यू.एस. हिस्टरीची परीक्षा सव्वातीन तासांची असते आणि लॅपटॉपवर होते: ५५ मिनिटांत ५५ बहुपर्यायी प्रश्न (४० टक्के), ४० मिनिटांत तीन लघुत्तरी प्रश्न (२० टक्के), एक तासाचा कागदपत्रांवर आधारित निबंध (२५ टक्के) आणि ४० मिनिटांचा दीर्घ निबंध (१५ टक्के).

आता गुणांचं गणित. ९०च्या वर ए, ८०च्या वर बी, ६०च्या खाली नापास, ही पट्टी बहुतेक ठिकाणी दिसेल. बोर्डात ७८ टक्क्यांना लोक पेढे वाटतात. इथे ७८ म्हणजे सी प्लस. शिवाय वर्षाअखेरची एकच मोठी परीक्षा सगळं तारून नेत नाही, कारण गुण गटागटाने मोजतात: समजा चाचण्या ४० टक्के, निबंध ३०, गृहपाठ १५, वर्गातला सहभाग १५. यात मूल कुठे मार खातं ते पाहा. चार निबंधांपैकी तिघांत ९२, ८८, ९० मिळाले आणि चौथा दिलाच नाही, म्हणजे शून्य. गटाची सरासरी ९० वरून थेट ६७.५ वर येते, आणि तो गट ३० टक्क्यांचा असल्याने एकूण निकाल पावणेसात गुणांनी घसरतो. एक निबंध राहिला आणि ए चा बी झाला. तोच निबंध उशिरा देऊन अर्धे गुण, म्हणजे ४५, मिळाले असते तर नुकसान निम्म्यावर आलं असतं. म्हणून अर्धवट असला तरी द्यायचाच. शाळेच्या पोर्टलवर, म्हणजे गुण दाखवणाऱ्या वेबसाइटवर, 'मिसिंग' असा शिक्का दिसला की त्याच संध्याकाळी विचारा. महिनाभराने विचारून काही हाती लागत नाही.

उशिराचे नियम शिक्षकागणिक बदलतात. कुठे रोज दहा टक्के कापतात, कुठे आठवड्यानंतर घेतच नाहीत. वेळ बहुधा रात्री ११.५९ची असते आणि ती संगणक मोजतो. १२.०१ला दिलेलं काम उशिराचंच. आणखी एक खड्डा तारखेचा: इथे महिना आधी लिहितात. ९/१० म्हणजे १० सप्टेंबर. नवी मुलं ते ९ ऑक्टोबर समजून महिनाभर निवांत बसतात.

आजारपणाची रजा शाळेला फोन करून किंवा ऑनलाइन कळवली तरच ती 'एक्सक्यूज्ड' धरतात, आणि मग साधारण जितके दिवस गेले तितके दिवस राहिलेलं काम भरून द्यायला मिळतात. डिसेंबरात स्वस्त तिकिटासाठी सुट्टी आधी-नंतर आठवडाभर ताणून भारतात जायची आपली सवय इथे महागात पडते. बऱ्याच शाळा ती गैरहजेरी माफ करत नाहीत, आणि सेमिस्टरची परीक्षा नेमकी त्याच सुमारास असू शकते. तिकीट काढण्याआधी शाळेचं कॅलेंडर बघा.

खरी अडचण लिहिण्याची आहे. 'टिपा लिहा' आणि 'सकारण स्पष्ट करा' यावर वाढलेलं मूल माहिती ओतायला शिकलेलं असतं. इथे माहिती गृहीत धरतात आणि गुण देतात ते मुद्दा मांडून तो पुराव्याने पटवण्याला. एपीच्या कागदपत्रांवर आधारित निबंधात, ज्याला सगळे डीबीक्यू म्हणतात, सात कागद दिलेले असतात: भाषणाचा उतारा, पत्र, व्यंगचित्र, एखादा तक्ता. गुण सात, आणि त्यांची वाटणी आधीच जाहीर असते. मुख्य विधानाला एक, काळाची पार्श्वभूमी सांगण्याला एक, किमान चार कागद युक्तिवादासाठी वापरण्याला दोन, कागदांबाहेरच्या एका ठोस पुराव्याला एक, किमान दोन कागदांबाबत लिहिणारा कोण, कुणासाठी, कशासाठी, कोणत्या परिस्थितीत यांपैकी काहीतरी एक सांगून त्याचा मुद्द्याशी संबंध जोडण्याला एक, आणि विषयाची गुंतागुंत दाखवण्याला एक.

प्रश्न असा धरा: यादवी युद्धानंतरच्या पुनर्रचनेच्या काळात कृष्णवर्णीयांच्या आयुष्यात कितपत बदल झाला? नवं मूल लिहितं, 'पुनर्रचनेचा काळ अमेरिकेच्या इतिहासात अतिशय महत्त्वाचा होता व त्यात अनेक बदल झाले.' शून्य. यावर कुणी वादच घालू शकत नाही, म्हणजे ते विधान नाहीच. हे बघा: 'तीन घटनादुरुस्त्यांनी कृष्णवर्णीयांना कागदावर नागरिकत्व आणि पुरुषांना मतदानाचा हक्क दिला, पण जमीन न मिळाल्याने ते वाट्याने शेती करत कर्जात अडकले आणि १८७७ मध्ये दक्षिणेतून केंद्राचं सैन्य हटल्यावर त्या हक्कांचं रक्षण करणारं कुणी उरलं नाही.' यात बाजू आहे, कारण आहे, आणि पुढचे तीन परिच्छेद कशावर येणार तेही कळतं.

दुसरी नेहमीची चूक म्हणजे 'पहिला कागद सांगतो, दुसरा कागद सांगतो' अशी पाळीपाळीने हजेरी घेणं. परिच्छेद मुद्द्याचा असावा आणि कागद त्याच्या चाकरीला. आणि लांब अवतरण उतरवू नये. चार-पाच शब्द उचलून बाकी स्वतःच्या भाषेत सांगितलं की पुरे.

यातूनच नकलेचा प्रश्न येतो. पुस्तकातलं उत्तर जसंच्या तसं पाठ करून लिहिलं की आपल्याकडे 'अगदी गाइडसारखं लिहिलंय' म्हणून कौतुक होतं. इथे तेच वाक्य अवतरणचिन्हांशिवाय आलं तर ती चोरी. शब्द बदलून वाक्याची रचना तशीच ठेवली तरी चोरीच, आणि हे मुलांना खरंच ठाऊक नसतं. शून्य गुण तर मिळतातच, शिवाय शाळेच्या शिस्तीच्या नोंदीत जातं. मित्राला आपला निबंध 'फक्त बघायला' पाठवणाराही सापडला तर दोषी. एआयचा वापर कुठपर्यंत चालतो हे सिलॅबसमध्ये लिहिलेलं नसेल तर मुलाने विचारून घ्यावं. निबंध गूगल डॉक्समध्ये टप्प्याटप्प्याने लिहावा, म्हणजे शंका आलीच तर आवृत्त्यांचा इतिहास दाखवता येतो.

वर्गात गप्प बसणं हा इथे सद्गुण नाही. सहभागाचे गुण असतात, आणि गोलात बसून चर्चेच्या दिवशी बोलावंच लागतं. लाजाळू मुलाने घरून दोन प्रश्न आणि मजकुरातल्या दोन पानांचे क्रमांक लिहून न्यावेत आणि चर्चेच्या पहिल्या दहा मिनिटांत बोलून घ्यावं. नंतर मुद्दे संपतात. शब्दही जपावे लागतात. मूळ रहिवाशांना 'नेटिव्ह अमेरिकन' किंवा थेट जमातीचं नाव, 'ब्लॅक' किंवा 'आफ्रिकन अमेरिकन', 'स्लेव्ह' ऐवजी 'एन्स्लेव्ड पीपल'. जुन्या कागदात 'नीग्रो' असेल तर तो अवतरणातच राहू द्यावा. गाण्यांतून कानावर पडलेला एन-वर्ड (कृष्णवर्णीयांसाठीची एक घाणेरडी शिवी) कधीच उच्चारू नये, वाचून दाखवतानाही नाही. सकाळी राष्ट्रध्वजाची प्रतिज्ञा होते. तिची सक्ती करता येत नाही, असं सर्वोच्च न्यायालयाने १९४३ मध्येच ठरवलं आहे. मूल शांत उभं राहिलं किंवा बसलं तरी बिघडत नाही.

शिक्षकांशी पत्रव्यवहार मुलाने करावा. 'रिस्पेक्टेड सर' नको. मिस्टर किंवा मिस आणि आडनाव, कितवा तास, कोणतं काम, नेमकी अडचण, एवढ्या चार ओळी पुरतात. उत्तराला एक-दोन दिवस लागतात. 'गुण वाढवा' अशी विनवणी करू नये. 'तिसऱ्या निकषात गुण का गेले, ते समजून घ्यायला कधी येऊ?' असं विचारलं की पुन्हा लिहायची संधी मिळण्याची शक्यता वाढते. बॅक टू स्कूल नाइटला (पालकांनी शिक्षकांना भेटायच्या संध्याकाळी) प्रत्येक तासाला दहा-एक मिनिटंच मिळतात, तिथे आपल्याच मुलाचा विषय काढू नका.

वर्षातून एकदा संशोधनाचा प्रकल्प असतो आणि विषय आधी मंजूर करून घ्यावा लागतो. 'मार्टिन ल्यूथर किंग आणि गांधी' हा विषय ढीगभर मुलं घेतात. त्यापेक्षा भगतसिंग थिंद यांचा १९२३चा खटला घ्या: पहिल्या महायुद्धात अमेरिकन सैन्यात असलेल्या माणसाला 'गोरा' नाही म्हणून नागरिकत्व नाकारलं गेलं. तिथून १९४६चा, वर्षाला शंभर भारतीयांना वाव देणारा कायदा आणि १९६५चा स्थलांतर कायदा असा सरळ धागा लागतो. बाबासाहेब आंबेडकरांनी १९४६ मध्ये ड्यू बॉइस या कृष्णवर्णीय अमेरिकन विचारवंतांना लिहिलेलं पत्र ऑनलाइन वाचायला मिळतं. आणि जोतीराव फुल्यांनी १८७३ मध्ये 'गुलामगिरी' अर्पण केली ती गुलामांना मुक्त करणाऱ्या अमेरिकेतल्या लोकांना, हे तर मराठी मुलाच्या हातात आयतं आलेलं प्राथमिक साधन आहे. पुस्तकातला मराठी मजकूर वापरायचा तर भाषांतर स्वतःचं आहे असं स्पष्ट लिहावं आणि मूळ मराठी ओळी तळटीपेत द्याव्यात, म्हणजे शिक्षकांना मराठी येत नसलं तरी दुसऱ्या कुणाकडून त्या ताडून घेता येतील.