स्टेवर अपील लावलं? मग या चुका टाळा

धुऱ्याचा (बांधाचा) नाहीतर पांधणीचा (शेतवाटेचा) दावा तालुक्याच्या दिवाणी कोर्टात दाखल होतो आणि शेजारी निशाणी 5 च्या अर्जावर तुमच्याविरुद्ध तात्पुरता मनाई हुकूम मिळवतो. गावभाषेत स्टे. त्यावर जिल्हा न्यायालयात अपील करायला 30 दिवस, आदेशाची नकल मिळायला लागलेले दिवस सोडून. इथवर बहुतेकांना ठाऊक असतं. गडबड पुढे होते.

सगळ्यात महागात पडतं ते अपील लावून मूळ दाव्याकडे पाठ फिरवणं. अपिलात पेशीवर पेशी पडत राहते आणि तिकडे तालुक्यात पुरावा संपून दाव्याचा निकाल लागतो. निकालासोबत तात्पुरता हुकूमही संपतो, आणि तुमचं अपील ‘निरर्थक झालं’ म्हणून दोन ओळींत निकाली निघतं. यात तुम्ही हरलात असं नाही, जिंकलात असंही नाही. पण दावा विरोधात गेला असेल, तर हुकूमनाम्याविरुद्ध, म्हणजे त्या अंतिम निकालाविरुद्ध, दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम 96 खाली नवं अपील करावं लागतं, सोबत स्थगितीचा नवा अर्ज. त्यालाही 30 च दिवस. ‘आपलं अपील तर चालूच आहे ना, वकीलसाहेब?’ असं विचारत ही मुदत घालवणारे कमी नाहीत.

एकतर्फी हुकुमाचं तसंच. त्यावर अपील केलं आणि दरम्यान दोन्ही बाजू ऐकून निशाणी 5 वर नवा आदेश झाला, तर आव्हान नव्या आदेशालाच द्यावं लागतं.

हंगाम गेला म्हणून मात्र अपील आपोआप मरत नाही. जूनमध्ये वाट अडली, खताच्या चुंगड्या डोक्यावरून वावरात न्याव्या लागल्या; अपील बोर्डावर येईस्तोवर दिवाळी. समोरचा वकील म्हणतो, आता उरलंय काय? उरलंय ना: हुकूम दावा संपेपर्यंत लागू आहे, कापूस त्याच वाटेने बाहेर काढायचा आहे, पुढची पेरणीही तिथूनच. हे तोंडी नको, शपथपत्रावर द्या. आणि अपील मागे घ्यायचंच ठरलं, तर दाव्यातले सगळे मुद्दे खुले राहतील, हे आदेशात लिहून घ्या.

सहा महिन्यांनी स्टे आपोआप उठतो, हे चावडीवर अजून ऐकू येतं. 2018 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने खटल्यांच्या कामकाजावरील स्थगितीबद्दल तसं म्हटलं होतं. 29 फेब्रुवारी 2024 ला पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाने ते रद्द केलं. त्या भरवशावर काटेरी तार तोडून ट्रॅक्टर घातला, तर मालमत्तेची जप्ती आणि तीन महिन्यांपर्यंत दिवाणी कैद होऊ शकते. हुकूम नंतर रद्द झाला तरी तो लागू असताना केलेला भंग पुसला जात नाही.

शेजाऱ्याने पुरेसं कारण नसताना मनाई मिळवली होती असं ठरलं, तर त्याच संहितेच्या कलम 95 खाली 50,000 रुपयांपर्यंत भरपाई मागता येते. मागतात फार थोडे. त्यासाठी मजुरीच्या पावत्या, अडलेल्या वाटेचे फोटो आणि तलाठ्याकडे दिलेल्या अर्जाची पोच आजपासूनच एका फाइलीत लावायला घ्या.