पुरुष नसबंदी : शस्त्रक्रिया आणि त्यानंतरचे तीन महिने

कुटुंब नियोजनाचे ऑपरेशन म्हटले की आपल्याकडे ते बाईनेच करून घ्यायचे, हे गृहीत धरलेले असते. 2019-21 च्या राष्ट्रीय कुटुंब आरोग्य सर्वेक्षणानुसार देशात स्त्री नसबंदीचे प्रमाण 37.9 टक्के, तर पुरुष नसबंदीचे अवघे 0.3 टक्के होते. वास्तविक स्त्रीच्या शस्त्रक्रियेत पोट उघडावे लागते किंवा दुर्बीण पोटात घालावी लागते, आणि पुरुषाच्या शस्त्रक्रियेत काम कातडीच्या लगेच खाली असते. आणीबाणीच्या काळातील सक्तीच्या नसबंदीने लोकांच्या मनात बसलेली धास्ती हे या तफावतीचे एक कारण आहे, आणि ती धास्ती निराधार नव्हती. म्हणूनच आज हा निर्णय माहिती घेऊन आणि पूर्णपणे स्वेच्छेने व्हायला हवा.

आधी शरीरात काय बदलते ते समजून घ्यावे. वृषणात तयार झालेले शुक्रजंतू दोन शुक्रवाहिन्यांतून पुढे जातात, आणि नसबंदीत फक्त या दोन वाहिन्या बंद केल्या जातात. पुरुषी संप्रेरक थेट रक्तात मिसळते, त्याचा या वाहिन्यांशी संबंध नसतो. त्यामुळे इच्छा, ताठरता, दाढीमिशा किंवा अंगमेहनतीची ताकद यांपैकी काहीही कमी होत नाही. वीर्यही पूर्वीसारखेच येते, कारण त्यात शुक्रजंतूंचा वाटा अगदी थोडा असतो. वृषणात पुढेही तयार होणारे शुक्रजंतू शरीरातच विरून जातात.

सरकारी नियमांनुसार पुरुष विवाहित आणि 60 वर्षांहून कमी वयाचा असावा, आणि दांपत्याला एक वर्षाहून मोठे किमान एक अपत्य असावे. संमतीपत्रावर सही फक्त त्या पुरुषाची लागते. पत्नीची सही नियमाने आवश्यक नसली तरी तिच्याशी बोलूनच निर्णय घ्यावा, असे मला मनापासून वाटते. वाहिनी पुन्हा जोडण्याची शस्त्रक्रिया असली तरी तिच्या यशाची खात्री कोणी देत नाही, म्हणून ज्याच्या मनात थोडीही शंका आहे त्याने थांबावे. शस्त्रक्रिया सरकारी रुग्णालयात मोफत होते. ती कोठे व कधी होते हे आशाताई किंवा प्राथमिक आरोग्य केंद्र सांगू शकते. रक्त पातळ करणारे औषध चालू असेल, मधुमेह असेल किंवा अंडवृद्धी, हर्निया असेल तर डॉक्टरांना आधीच सांगावे.

सध्या प्रचलित असलेली बिनटाक्याची पद्धत चीनमधील डॉ. ली शुनचियांग यांनी 1974 मध्ये विकसित केली. डॉक्टर वृषणकोषाच्या कातडीतून बोटांनी वाहिनी चाचपतात. ती जाड सुतळीसारखी कडक लागते. तेवढ्या जागेपुरती भूल देऊन टोकदार चिमट्याने कातडीला बारीक छिद्र पाडतात, वाहिनीचा वेढा बाहेर ओढून छोटा तुकडा काढतात, टोके बांधतात आणि त्याच छिद्रातून दुसरी बाजू उरकतात. साधारण पंधरा-वीस मिनिटे लागतात आणि थोड्या विश्रांतीनंतर घरी जाता येते. दोन दिवस आराम करावा, घट्ट चड्डी किंवा लंगोट वापरावा आणि जागा कोरडी ठेवावी. सायकल आणि जड ओझे आठवडाभर टाळावे. थोडी सूज व काळेनिळेपण येते. मात्र सूज वाढत गेली, ताप आला, पू किंवा रक्त येऊ लागले तर त्वरित रुग्णालय गाठावे.

सर्वांत मोठी चूक यानंतर होते. कापलेल्या जागेच्या पुढे आधीचे शुक्रजंतू शिल्लक असतात, त्यामुळे शस्त्रक्रिया झाली त्या दिवसापासून संरक्षण मिळत नाही. तीन महिने निरोध किंवा दुसरे साधन वापरलेच पाहिजे, आणि तीन महिन्यांनी वीर्यतपासणी केलीच पाहिजे. दुखणे थांबले की माणूस हे विसरतो, पत्नीला दिवस जातात आणि संशय तिच्यावर घेतला जातो. एका न केलेल्या तपासणीपायी तिच्यावर असा आळ येणे हा घोर अन्याय आहे. तपासणीत वीर्याचा थेंब काचपट्टीवर घेऊन सूक्ष्मदर्शकाखाली पाहतात. शुक्रजंतू दिसले तर साधन चालू ठेवून पुन्हा तपासणी करायची असते.

अहवालात शुक्रजंतू आढळले नाहीत असे आल्यावर नसबंदीचे प्रमाणपत्र मिळते, ते मागून घ्यावे व जपून ठेवावे. क्वचित वाहिनी पुढे आपोआप जुळून येते. म्हणून प्रमाणपत्रानंतरही पत्नीची पाळी चुकली तर विलंब न करता तिची गर्भचाचणी आणि पतीची वीर्यतपासणी करावी. सरकारी योजनेत अपयशाच्या भरपाईचीही तरतूद आहे. एचआयव्ही व इतर लैंगिक आजारांपासून मात्र नसबंदी संरक्षण देत नाही, त्यासाठी निरोधच वापरावा लागतो.